जुन्या पीएस३ वर फुकटचे डेमो कसे उतरवायचे? (१२ जीबी मॉडेल, देवगड)

कातळावरचो, देवगड (मे २०२५)

नमस्कार मंडळी,

शिमग्याला चुलतभाऊ मुंबईहून आला होता, तो जाताना त्याचा जुना प्लेस्टेशन ३ माझ्या पोरांसाठी ठेवून गेला. वरचं झाकण हाताने सरकवून सीडी घालायची असते ते बारीक मॉडेल, खोक्यावर १२ जीबी लिहिलंय. सोबत दोन रिमोट आणि क्रिकेटची एकच सीडी. तिच्यावर एवढे ओरखडे आहेत की चौथ्या ओव्हरला अडकते ती अडकतेच.

घरात सध्या पाच पोरं. माझी दोन, बहिणीची दोन आणि शेजारचा एक, जो फक्त जेवायला घरी जातो. यंदा आंबा कमी आणि आता राहिलेला कॅनिंगला चाललाय, त्यामुळे गेम विकत घेऊन द्यायची परिस्थिती नाही. भाऊ म्हणाला, प्लेस्टेशनच्या ऑनलाइन स्टोअरवर डेमो, म्हणजे गेमचा थोडासा भाग, फुकट असतात, तेच उतरवून दे, सुट्टी निघून जाईल.

अडचणी अशा. फोनवरून प्लेस्टेशनच्या स्टोअरवर शोधलं तर पीएस३ चं नावच नाही, सगळं पीएस४ आणि पीएस५ चं. कन्सोलवरून जावं तर त्याला आमचं वायफाय दिसतच नाही. शेजाऱ्यांचं दिसतं, आमचं नाही! फोन त्याच वायफायवर व्यवस्थित चालतो. कणकवलीला एका दुकानात विचारलं तर तो म्हणाला स्टोअर कधीच बंद पडलं, दीड हजार द्या, मोड करून, म्हणजे आतलं सॉफ्टवेअर बदलून, पन्नास गेम भरून देतो. पोरं रोज सकाळी विचारतात, मला काय उत्तर द्यावं कळत नाही. कोणाला माहीत असेल तर सविस्तर सांगा.

---

मांडवा जेटी, अलिबाग

दुकानदार बरोबर बोलतोय भाऊ. माझ्याकडे आहे ना, २९ जुलै २०२४ ला बंद झालं. तेव्हापासून नवीन काही घेता येत नाही. पूर्वी विकत घेतलेलं तेवढं परत उतरवता येतं.

---

आचऱ्याची पडवी, मालवण

मांडवा, तुम्ही सांगताय ते एक्सबॉक्स ३६० चं. तारीख बरोबर आहे, पण ती मशीन वेगळी. गल्लत होऊ नये म्हणून आधी हे लिहिलं.

कातळावरच्या दादा, पैसे देऊ नका. पीएस३ चं स्टोअर चालू आहे. मार्च २०२१ मध्ये सोनीने पीएस३ आणि हातात धरून खेळायच्या व्हिटा आणि पीएसपी या तिघांचीही स्टोअर बंद करतो म्हणून जाहीर केलं होतं. लोकांनी एवढी ओरड केली की १९ एप्रिलला पीएस३ आणि व्हिटाचा निर्णय मागे घ्यावा लागला. पीएसपीचं तेवढं त्या जुलैत बंद झालं. पहिली बातमी सगळ्यांनी वाचली, दुसरी फार थोड्यांनी. आणि मोड केलेल्या मशीनवरून नेटवर्कला साइन इन केलं तर खातं आणि कन्सोल दोन्हीवर बंदी येऊ शकते. डेमोसारख्या फुकटच्या गोष्टीसाठी तो धोका कशाला?

फोनवर सापडलं नाही कारण ऑक्टोबर २०२० पासून वेबसाइटवरच्या आणि फोनवरच्या स्टोअरमधून पीएस३ चा सगळा माल काढून टाकलाय. तो फक्त कन्सोलमधूनच दिसतो.

आता वायफाय. मी टीव्ही-मिक्सर दुरुस्तीचं काम करतो, राउटरसाठी पण बोलावतात, त्यामुळे हे रोज बघतो. पीएस३ ला फक्त २.४ गिगाहर्ट्झचं वायफाय कळतं, ५ गिगाहर्ट्झचं त्याच्या लेखी अस्तित्वातच नाही. तुमचा राउटर बहुतेक नवीन आहे आणि ५ वर चालतोय. शेजाऱ्यांचा जुना असेल, म्हणून तो दिसतो. राउटरच्या सेटिंगमध्ये जाऊन २.४ चालू करा आणि त्याला वेगळं नाव द्या. फोनचा हॉटस्पॉट वापरणार असाल तर तिथेही बँड २.४ करा. सगळ्यात उत्तम म्हणजे लॅनची वायर. मागे तिची खाच आहे. दीडशे-दोनशेची वायर घ्या आणि राउटरपासून सरळ जोडा. डाउनलोड मधेच तुटत नाही.

साइन इन करण्याआधी सिस्टीम अपडेट करून घ्या, जुन्या सॉफ्टवेअरवर तो आत घेत नाही. नेटवरून होत नसेल तर पेनड्राइव्हवर आणता येतं. पेनड्राइव्ह फॅट३२ मध्ये फॉरमॅट केलेला हवा, त्यात पीएस३ नावाचं फोल्डर, त्याच्या आत अपडेट नावाचं, दोन्ही नावं इंग्रजी कॅपिटलमध्ये, आणि फाईल त्यात. फाईल दोनदा उतरवली की कॉम्प्युटर तिच्या नावापुढे कंसात आकडा लावतो. तो काढा, नाहीतर कन्सोल म्हणेल अपडेट सापडत नाही. यात माझी एक अख्खी दुपार गेली होती.

खातं फोनवरून उघडा. देश भारत निवडा आणि नीट बघून निवडा, नंतर बदलता येत नाही. भावाचंच खातं वापरणार असाल आणि त्याने दोन टप्प्यांची पडताळणी लावली असेल, तर नेहमीचा पासवर्ड पीएस३ वर चालणार नाही. त्याला सांगा, खात्याच्या सुरक्षेच्या पानावरून डिव्हाइस सेटअप पासवर्ड काढून पाठव. पासवर्डच्या जागी तो टाकायचा. पासवर्ड चुकीचा आहे असं समजून लोक दहा-दहा वेळा बदलत बसतात.

कार्डाची काळजी नको. ऑक्टोबर २०२१ पासून पीएस३ च्या स्टोअरमध्ये कार्ड थेट चालतच नाही, आणि डेमोला पैसे लागतही नाहीत. आत गेल्यावर गेमच्या यादीत डेमो कुठे दिसतात ते बघा, किंवा गेमचं नाव सर्चमध्ये टाकून त्याच्या पानावर डेमो आहे का ते तपासा. सगळ्यांचे नसतात. विकत घ्यायचं बटण सोडून फक्त डेमोवर जायचं, एवढं पोरांना शिकवून ठेवा.

डेमो म्हटल्यावर लोकांना तो नमुना वाटतो, दुकानात चव बघायला देतात तसा. आमच्या घरी तसं कधीच नव्हतं. मी आयटीआय करून नुकता कामाला लागलो होतो आणि पहिल्या वर्षाच्या पगारातून पीएस३ घेतला. २०१० चा मे महिना, पडवीत आम्ही नऊ भावंडं, टीव्ही एक, रिमोट एक. त्या मार्चमध्ये जस्ट कॉज २ चा डेमो आला होता. तेव्हाच्या इंटरनेटवर उतरवायला दोन रात्री लागल्या, रात्रभर कन्सोल चालू आणि आजी उठून उठून विचारायची, अरे ते तापलंय, पेटणार नाही ना?

त्या डेमोला ३० मिनिटांची मर्यादा होती. वेळ संपली की आपोआप बंद, मग परत पहिल्यापासून. आम्हाला घड्याळ लावायची गरजच पडली नाही. पडवीच्या खांबावर खडूने नऊ नावं लिहिलेली, ज्याचा डेमो संपला तो स्वतःच्या नावापुढे रेघ मारून मागे येऊन बसायचा. भांडण नाही. थोरला काका एकदा म्हणाला, रेशनच्या दुकानात पण एवढी शिस्त नाही.

मोठं वाळवंट, पाठीला पॅराशूट आणि हाताला हूक. धाकटा भाऊ ३० मिनिटं नुसता स्फोट करत बसायचा. आतेबहीण गोळी झाडायचीच नाही. हूक मारायची, पॅराशूट उघडायची आणि वाळूवरून तरंगत राहायची, डोंगराच्या टोकापासून रस्त्यापर्यंत आणि परत वर. मागून सगळे ओरडायचे, अगं खाली उतर, गाडी घे! ती म्हणायची, माझी ३० मिनिटं आहेत. ती आता पुण्याला असते, गणपतीला आली की आधी तोच लावायला सांगते. पूर्ण गेम आम्ही कधी घेतला नाही. तो डेमो मी आजपर्यंत डिस्कवरून काढलेला नाही.

म्हणून सांगतो दादा, जे मिळेल ते उतरवून घ्या आणि जागा आहे तोवर पुसू नका.

---

मांडवा जेटी, अलिबाग

माफ करा, मी ३६० चंच डोक्यात धरून बसलो होतो. पडवीवाले, खांबाचं वाचून बरं वाटलं. आमच्याकडेही असंच होतं, फक्त ३६० वर. त्यावर आर्केड नावाच्या विभागातल्या प्रत्येक छोट्या गेमची ट्रायल ठेवणं सक्तीचं होतं, त्यामुळे एक रुपया न देता आम्ही वर्षभर खेळलो. स्टोअर बंद व्हायच्या आधी मी बऱ्याच ट्रायल उतरवून ठेवल्या. हार्ड डिस्कवर आहेत तोवर चालतील.

---

कातळावरचो, देवगड

पडवीवाले दादा, वायफाय दिसलं! राउटरवर २.४ बंदच होतं. अपडेट पण झालं, भावाने तो वेगळा पासवर्ड पाठवला, स्टोअर उघडलं. पोरांनी टाळ्या वाजवल्या.

पण एक डेमो कसाबसा झाला, दुसऱ्याला जागा नाही म्हणतो. डेमो दीड जीबीचा आणि मोकळी जागा दोन जीबीच्या वर दिसते. मग का नाही म्हणतो? आणि काल डाउनलोड चालू असताना वळवाचा पाऊस आला, लाईट गेली. चालू केल्यावर फाईल सिस्टीम खराब झाली असं काहीतरी आलं. मी घाबरून बंदच करून ठेवलाय.

---

आचऱ्याची पडवी, मालवण

घाबरू नका. चालू करा, तो दुरुस्त करायचं का विचारेल, हो म्हणा आणि पूर्ण होईपर्यंत हात लावू नका. बहुतेक वेळा सगळं जागेवर असतं. इन्व्हर्टर असेल तर कन्सोल आणि राउटर दोन्ही त्यावर घ्या, निदान डाउनलोडपुरते. आभाळ भरून आलं की पिन काढून ठेवा, आपल्याकडचा वळीव सांगून येत नाही.

जागेचं असं आहे: पीएस३ आधी पूर्ण फाईल उतरवतो, मग तीच उघडून बसवतो. बसवून होईपर्यंत दोन्ही डिस्कवर असतात. म्हणजे दीड जीबीच्या डेमोला साधारण तीन जीबी मोकळी हवी. १२ जीबीमध्ये सिस्टीमचा हिस्सा गेल्यावर उरतं किती?

त्याला उपाय आहे. तुमच्या मॉडेलमध्ये हार्ड डिस्क बसवता येते, लॅपटॉपची अडीच इंची साटा. जुन्या बंद लॅपटॉपमधली चालते, दुरुस्तीवाल्याकडे २५० किंवा ३२० जीबीची स्वस्तात मिळून जाईल. १२ जीबीच्या मॉडेलला ती धरून ठेवायला पत्र्याचं ब्रॅकेट लागतं, ते खोक्यात येत नाही, वेगळं मागवायचं. डिस्क घालताना ती पूर्ण पुसली जाते, तेव्हा आत कोणाचे फोटो नाहीत ना ते आधी बघा.

आणखी एक, हे मी दुकानात रोज बघतो. समुद्राजवळच्या घरात एचडीएमआयच्या खाचेत आधी हिरवट डाग येतो. मग चित्र लुकलुकतं आणि लोकांना वाटतं कन्सोल गेला. वायर कायम लावलेली ठेवा, काढ-घाल करू नका. पावसाळ्यात आठवड्यातून दोनदा तरी अर्धा तास चालवा. आतल्या उष्णतेने दमट हवा बसत नाही. कपाटात बंद करून ठेवलेला मशीन दसऱ्याला काढतात आणि माझ्याकडे घेऊन येतात, त्यातले निम्मे फक्त न वापरल्यामुळे बिघडलेले असतात.

---

वेळणेश्वर, गुहागर

उतरवलेलं पुसू नका हे पडवीवाल्यांनी लिहिलं, ते पीएस४ वाल्यांनीही ऐका. १२ ऑगस्ट २०१४ ला पी.टी. नावाचा एक फुकट डेमो आला होता, एका घराचा एकच बोळ, परत परत तोच, आणि अंगावर काटा. २९ एप्रिल २०१५ ला तो स्टोअरवरून काढला. त्यानंतर आधी उतरवलेल्यांनाही परत मिळत नाही. माझ्या भावाने जागा करायला पुसला, एका क्रिकेटच्या गेमसाठी. अजून आमच्या घरात तो विषय निघाला की तो उठून बाहेर जातो.

---

रापणकार, वेंगुर्ला

माका पण ह्याच व्हया होता. ब्रॅकेट खंय मिळात ता पण सांगा कोणीतरी.

---

आचऱ्याची पडवी, मालवण

रापणकार, ऑनलाइन मागवा. सुपर स्लिमचं, म्हणजे या वर सरकत्या झाकणाच्या मॉडेलचं, आहे ना ते बघून घ्या, आधीच्या जाड आणि स्लिम मॉडेलचं ब्रॅकेट वेगळं, ते बसत नाही.

---

कातळावरचो, देवगड

दुरुस्त झाला! हो म्हटलं, पाच-सात मिनिटं लागली, सगळं जसंच्या तसं. मेव्हण्याच्या बंद लॅपटॉपमधली ३२० ची डिस्क काढून ठेवलीय, ब्रॅकेट मागवलंय. तोवर गाड्यांच्या शर्यतीचा एकच डेमो आहे, एक रस्ता आणि दोन गाड्या.

आमच्याकडे खांब नाही, स्लॅबचं घर. पण मुलीने आंब्याच्या पेटीची फळी आणून टीव्हीशेजारी उभी केली आणि खडूने पाच नावं लिहिली. शर्यत संपली की रेघ. शेजारच्या मुलाचं नाव सगळ्यात वर आहे, तो पाहुणा म्हणून.