फिर्यादी गैरहजर, आरोपी सुटला. हा कसला न्याय?

टॉवेलवाला_सोलापूर: २०२१ ला टॉवेलच्या मालापोटी चार लाखांचा चेक घेतला, तो वटला नाही. कलम १३८ ची केस टाकली. परवा सुतासाठी इचलकरंजीला होतो, वकील दुसऱ्या कोर्टात. पुकारा झाला, कोणीच नाही. आरोपी निर्दोष! चेक खोटा होता असं कोणी म्हटलंच नाही. आरोपी आला नाही की वॉरंट निघतं, केस जागेवर राहते. मी आलो नाही तर केसच संपली? दिवाणी दाव्याची तीन वर्षंही कधीच सरली.

अशोकचौक: दुसरी बाजू ऐका की बे. मी आरोपी होतो. कोरा चेक तारण म्हणून दिलावता, हप्ते फेडले तरी सावकारानं तो भरला. दर तारखेला लूमवरचा खाडा, मजुरी बुडाली. फिर्यादी मात्र सहा सहा महिने गायब. अशा माणसाची केस किती दिवस उबवायची?

टॉवेलवाला_सोलापूर: तुमचा सावकार आणि मी एकच का?

काळाकोट: जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं कलम २५६. समन्स केसमध्ये, म्हणजे चेकसारख्या कमी शिक्षेच्या खटल्यात, फिर्यादी आला नाही तर आरोपी निर्दोष, नाहीतर न्यायाधीशांनी कारण असेल तर पुढची तारीख द्यायची. वकील हजर असेल तर फिर्यादीशिवायही काम चालवता येतं. पोलीस केसला हे लागू नाही. सुप्रीम कोर्टानं असोसिएटेड सिमेंटच्या प्रकरणात सांगितलंय, त्या दिवशी फिर्यादीची खरंच गरज होती का ते आधी बघा. साक्ष नोंदवायची नसेल तर एका गैरहजेरीवर केस मारणं मलाही पटत नाही. १ जुलै २०२४ पासूनच्या नव्या संहितेत, कलम २७९ मध्ये, आधी तीस दिवसांची मुदत द्यावी लागते. तुमची केस २०२१ ची, तुम्हाला जुनंच.

बार्शीकर: तीस दिवस म्हणजे आणखी एक तारीख! कोर्टात आधीच गठ्ठे पडलेत. ज्याला पैसे हवेत त्यानं यावं.

अशोकचौक: बरोबर. निर्दोष सुटल्यावर त्याच चेकवर पुन्हा खटला नाही, एवढाच आम्हाला आधार.

टॉवेलवाला_सोलापूर: मग मी काय करू? त्याच कोर्टात अर्ज?

काळाकोट: नाही. दंडाधिकाऱ्यांना स्वतःचा आदेश फिरवता येत नाही. पूर्वी हायकोर्टाची परवानगी काढून अपील करावं लागायचं. २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टानं चेकच्या फिर्यादीला पीडित मानलं, पीडिताला ती परवानगी लागत नाही, म्हणजे अपील इथंच सेशन्स कोर्टात करता येतं. रोजनाम्याची, म्हणजे कोर्टाच्या तारखावार नोंदींची, नक्कल आजच मागा. याआधी किती वेळा गैरहजर होतात?

टॉवेलवाला_सोलापूर: दोनदा. एकदा माफीचा अर्ज दिलावता.

काळाकोट: आणि दुसऱ्यांदा?

टॉवेलवाला_सोलापूर: गड्ड्याच्या यात्रेला पाहुणे आलेवते.

अशोकचौक: 😂