पीडीडीएलमध्ये (प्लॅनिंगचा प्रश्न लिहायची भाषा) अडकलोय, काय वापरू आणि काय वाचू?

कटिंगचहा: मंडळी, एमटेकचा प्रोजेक्ट आहे. गोदामात 3 रोबो, 20 खोकी, 30 जागा, कुठलं खोकं कुणी कधी न्यायचं ते ठरवायचंय. पीडीडीएलमध्ये डोमेन (रोबो काय काय करू शकतो त्याचं वर्णन) लिहिलं, फास्ट डाउनवर्ड या प्लॅनरला ए-स्टार ही शोधायची पद्धत लावून रात्री रन सोडून झोपलो, सकाळी बघतो तर 16 जीबी रॅम खाऊन प्रोसेस मेलेली. 4 खोक्यांना मात्र झटक्यात उत्तर येतं. काय चुकतंय?

रिकामटेकडा: ए-स्टार म्हणजे सगळ्यात स्वस्त प्लॅनच पाहिजे हा हट्ट. नुसती खोकी कुठे कुठे असू शकतात ते मोज, 30 चा 20 वा घात, 30 आकडी संख्या होते रे! लामा नावाचा प्लॅनर लाव, 2008 आणि 2011 ची प्लॅनिंग स्पर्धा जिंकलेला आहे तो, चालेलसा प्लॅन पटकन काढतो. आणि तुझी अॅक्शन (रोबोची कृती) कशी लिहिलीस ते टाक बघू इथे.

कटिंगचहा: एकच आहे, 'ने'. रोबो, खोकं, कुठून, कुठे.

रिकामटेकडा: अरे देवा. प्रत्येक रोबो, खोकं आणि दोन जागा यांची प्रत्येक जुळणी प्लॅनरला वेगळी अॅक्शन. 3 गुणिले 20 गुणिले 30 गुणिले 30, झाले 54,000. त्यापेक्षा 'उचल', 'जा', 'ठेव' अशा तीन कर. 'जा'ला खोकं लागतच नाही म्हणून 2,700, बाकीच्या दोन 1,800-1,800.

जुनाखोड: मी जरा वेगळं सांगतो. डोमेन फाईलच्या डोक्यावर स्ट्रिप्स लिहितोस ना, ती कृती मांडायची पद्धत 1971 ची, शेकी नावाच्या रोबोसाठी केलेली, त्यात घड्याळच नाही. काय करायचं ते प्लॅनिंग, कधी करायचं ते शेड्युलिंग. लग्नात मेनू ठरला तरी शेगड्या चारच असतात, तसं. ड्युरेटिव्ह अॅक्शन, म्हणजे किती वेळ लागतो ते सांगणाऱ्या, पीडीडीएल 2.1 मध्ये आल्या पण फास्ट डाउनवर्डला त्या चालत नाहीत. तुझी कामं तर ठरलेलीच आहेत, सरळ ओआर-टूल्स लायब्ररीतला सीपी-सॅट हा सॉल्व्हर घे, अटी पाळून वेळापत्रक काढतो; प्रत्येक फेरीला एक इंटरव्हल (सुरू-संपायची वेळ), प्रत्येक रोबोला नो-ओव्हरलॅप (एका वेळी एकच फेरी). वाचायला घल्लाब, नाऊ, ट्रॅव्हर्सो यांचं 2004 चं पुस्तक, जाड आहे, शेड्युलिंगचा भाग आधी वाच.

कटिंगचहा: अॅक्शन तोडल्या, लामा लावला, 20 खोकी झाली!! पण सगळी एकटा रोबो 1 वाहतोय, बाकी दोघं जागचे हलले पण नाहीत 😅

जुनाखोड: हलतील कशाला, यात घड्याळच नाही, काम वाटून वेळ वाचतो हे लामाला कळतच नाही. सीपी-सॅट इन्स्टॉल कर.