लोफ्टस काही पाठ सोडत नाही

'डॉक्टर ॲट सी' या ब्रिटिश विनोदी टीव्ही मालिकेत डर्क बोगार्ड होता असं कुणीतरी म्हटलंय. अहो, तो नट होता त्याच नावाच्या १९५५च्या सिनेमात! मालिका १९७४ची, १३ भागांची. त्यात बोटीवरचे डॉक्टर म्हणजे रॉबिन नेडवेल आणि जेफ्री डेव्हिस. मूळ लेखक मात्र दोन्हीकडे रिचर्ड गॉर्डनच. हा गृहस्थ स्वतः भूलतज्ज्ञ, शिवाय बोटीवर डॉक्टरकीही केलेला.

खरी गंमत कप्तानाची. याआधीच्या मालिकेत हे डॉक्टर हॉस्पिटलात होते; तिथल्या खडूस प्रोफेसर लोफ्टसच्या तावडीतून दोघे सुटले म्हणावं, तर बोटीवर कप्तान कोण? त्याचाच जुळा भाऊ! दोन्ही भूमिका अर्नेस्ट क्लार्कच्याच. चेहरा तोच, आठ्या त्याच, फक्त डोक्यावर टोपी चढलेली. काही विनोद आता पाणचट वाटतात (बोटीवरची मालिका, चालायचंच), पण क्लार्कने नुसती भुवई उचलली तरी मला हसू फुटतं.