असईचा वेलस्ली: वशिल्याचं तट्टू की सेनापती?

सत्तूर: काल एकानं इथं ठोकलं, "वेलिंग्टन कसला सेनापती! भावाच्या वशिल्यानं चढला, असईला फितुरीनं जिंकला. त्याचं कौतुक म्हणजे गुलामी." वेलिंग्टन म्हणजे हाच आर्थर वेलस्ली, वेलिंग्टनचा ड्यूक पुढं झाला. वशिला होताच. भाऊ गव्हर्नर जनरल; १७९९ साली श्रीरंगपट्टणवर हल्ला चढवला जनरल बेअर्डनं, कारभार मिळाला धाकट्या वेलस्लीला. पण २३ सप्टेंबर १८०३ ला जालना जिल्ह्यातल्या असईला शिंदे-भोसल्यांशी झालेल्या लढाईचं काय? वाटाडे म्हणाले, केळणा नदीला पायी ओलांडायला उतार नाही. यानं पाहिलं, दोन काठांवर दोन गावं समोरासमोर. म्हणजे लोकांची ये-जा असणारच. तिथूनच फौज उतरवली. याला फितुरी म्हणतात?

भोकरदनकर: आणि शिंद्यांच्या पलटणींतले इंग्रज अधिकारी ऐन वेळी चाकरी सोडून गेले, ते काय तीर्थयात्रेला? आमच्या मामाच्या शेतात नांगराला शिशाच्या गोळ्या लागायच्या, पोरं त्यांनी गोट्या खेळायची. त्या मातीत आमचे गोलंदाज मेल्याचं सोंग घेऊन पडले, गोरे पुढे सरकताच उठून पाठीमागून तोफा डागल्या. कंपनीची दीड हजारांवर माणसं कामी आली नाहीतर जखमी झाली. हे कोण लिहिणार?

खर्डेघाशा: गोलंदाज लढले हो, पण धनी कुठं होते? दौलतराव शिंदे आणि नागपूरकर भोसले घोडदळ घेऊन निघून गेले. मागे उरला शिंद्यांच्या पलटणींचा सेनानी पोलमन, जर्मनीतल्या हॅनोव्हरचा. घरची माणसं डावलून बाहेरचा आणायचा, हा रोग जुनाच. आमच्या ऑफिसात गेल्या वर्षी असाच एक सल्लागार आणला. तीन लाख घेतले आणि आम्हालाच विचारून आम्हालाच अहवाल दिला!

भोकरदनकर: तुमचं ऑफिस राहू द्या. महादजींनी द बॉयन हा परदेशी सेनानी ठेवला तेव्हा चाललं ना?

खर्डेघाशा: महादजी स्वतः मैदानात असायचे. लालसोटच्या लढाईनंतर सगळं गेलेलं परत उभं केलं त्यांनी. दौलतरावांची तुलना त्यांच्याशी? जरा वाचत चला.

भोकरदनकर: वाचन शिकवू नका. त्या दिवशी वेलस्लीच्या बाजूला पेशव्यांचंही घोडदळ होतं. पेशव्यांनी इंग्रजांचा आसरा घेतला त्या वसईच्या तहाचं फळ! त्यावर बोला.

सत्तूर: अहो, धागा वेलिंग्टनवर आहे.

लिमलेट: मग माझं ऐका. डब्लिनचा हा सरदारपुत्र १८२८ ला पंतप्रधान झाला, पुढच्याच वर्षी कॅथलिकांना पार्लमेंटची दारं उघडली. लॉर्ड विंचिल्सीनं त्याच्या हेतूवर शिंतोडे उडवले, तर पदावर असताना पिस्तूल घेऊन द्वंद्वाला उभा राहिला. हे कोणी बोलत नाही.

भोकरदनकर: उघडली म्हणे! आयर्लंड पेटेल या धास्तीनं उघडली. मतदारसंघ सुधारायची वेळ आली तेव्हा हाच आडवा पडला. लोकांनी लंडनच्या घराच्या काचा फोडल्या, मग लोखंडी झडपा बसवल्या पठ्ठ्यानं.

सत्तूर: हट्टी होता, मान्य. पण वॉटर्लू जिंकलेला माणूस म्हातारपणीही आपली सगळ्यांत सरस लढाई म्हणून असईचं नाव घ्यायचा.

भोकरदनकर: घेणारच. समोर कोण होतं! बरं, तो उतार त्यानं बरोबर हेरला, एवढं देतो. बाकी वशिलाच.

खर्डेघाशा: आणि आमच्या सल्लागाराला तर उतारसुद्धा सापडला नव्हता.