मदत हवी आहे: जुनं गाव बाईकवरून + बिअर टेस्टिंग, एका दिवसात बसेल का?

घाईगडबड
नमस्कार मंडळी, जरा घाईत लिहितोय. एका दिवसात गावातले जुने भाग बाईकवरून फिरायचे आणि मधेमधे तिथल्या छोट्या ब्रुअरीजमधे थांबून क्राफ्ट बिअर चाखायची असा बेत आहे. नेटवर बघितलं तर सगळे एकतर चालत जा म्हणतात नाहीतर गाईडवाली टूर गळ्यात मारतात, ती नकोय. सुरुवात कुठून करू आणि किती ठिकाणं झेपतील? लवकर सांगा, बाईक बुक करायच्यात.

पेठेतला_पाहुणा
कसब्यातून सुरू करा. सकाळी सातच्या आत. लाल महाल, शनिवारवाडा, तांबट आळीत ठोक्यांचे आवाज ऐका, तिथून सोमवार पेठेत त्रिशुंड गणपती, तो बघायलाच हवा, दारावरचं कोरीवकाम बघून वेड लागतं. मग फुलेवाडा. बिअर मात्र पेठांमधे शोधू नका, त्यासाठी मुंढवा नाहीतर कोरेगाव पार्क. आणि पिऊन बाईक चालवायची नाही, शंभर मिलि रक्तात ३० मिग्रॅच्या वर सापडलात की केस.

घाईगडबड
पुणे नाही हो!! जर्मनीतलं बांबर्ग. लिहायचं राहिलं वाटतं. आणि बाईक म्हणजे सायकल, इथे ऑफिसात सगळे बाईकच म्हणतात म्हणून तेच आलं तोंडात.

पेठेतला_पाहुणा
मग तसं लिहा की राव. माझी दहा मिनिटं गेली. तरी त्रिशुंड गणपती बघाच कधीतरी.

म्युनिक_मामा
बांबर्ग कशाला, सरळ म्युनिकला या. बिअर म्हणजे म्युनिक. सप्टेंबरच्या शेवटी आलात तर ऑक्टोबरफेस्ट पण मिळेल, नाव ऑक्टोबर असलं तरी सुरू सप्टेंबरमधेच होतं हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. राहायची सोय वर्षभर आधी करा.

रेग्निट्झकाठचा
मामा, त्यांनी म्युनिक विचारलंय का?
बांबर्गला मी चार वर्षं होतो, सांगतो. जुन्या गावाचे तीन भाग: डोंगरावरचं गाव म्हणजे चर्चवाल्यांचं, नदीच्या दोन फाट्यांमधलं बेटावरचं गाव म्हणजे व्यापाऱ्यांचं, आणि स्टेशनच्या बाजूचं माळ्यांचं गाव. तिन्ही मिळून १९९३ पासून युनेस्कोच्या यादीत आहेत. सगळे धावतात डोम म्हणजे टेकडीवरचं मोठं चर्च आणि नदीच्या मधोमध पुलावर बसवलेल्या जुन्या टाऊन हॉलकडे. बिशप जागा देईना म्हणून लोकांनी पाण्यात खांब ठोकून बांधला अशी गोष्ट सांगतात. सायकलला खरी मजा माळ्यांच्या गावात, सपाट आहे आणि गर्दी नाही. रस्त्यावरून नुसती घरांची भिंत दिसते, एखादा मोठा दरवाजा उघडा असला तर आत डोकावा, मागे लांबच लांब भाजीचे वाफे. भर गावात! मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा सायकल थांबवून उभाच राहिलो, एक आजी कांदे उपटत होत्या, त्यांनी हाक मारून आत बोलावलं.
किती जण आहात? कधी जाणार? सायकल साधी की बॅटरीवाली? हे सांगा मग पुढचं.

हॉपहॉप
बांबर्गमधे "क्राफ्ट बिअर" शोधणं म्हणजे तुळशीबागेत मॉल शोधणं. तिथल्या ब्रुअरी पाचपाचशे वर्षं बिअर बनवतायत, त्यांना क्राफ्ट म्हणालात तर हसतील. क्लोस्टरब्रॉय १५३३ ची, श्पेत्सियाल १५३६ ची. आयपीए वगैरे कडवट बिअर हवी असेल तर बर्लिन गाठा. धूर दिलेली ती राउखबिअर तर माझ्या मते निव्वळ टुरिस्टांसाठी आहे, एक घोट आणि फोटो. मी घरी बनवतो, मला कळतं थोडं.

रेग्निट्झकाठचा
टुरिस्टांसाठी? संध्याकाळी जाऊन बघ, सगळे गाववाले म्हातारे टेबलं धरून बसलेले असतात. पूर्वी भिजवून मोड आणलेलं सातू लाकडाच्या आगीवरच वाळवत, त्यामुळे धूर लागायचाच, सगळीकडेच. बाकीच्यांनी नव्या भट्ट्या घेतल्या आणि ह्यांनी बीच नावाच्या झाडाच्या लाकडाचा जाळ सोडला नाही, इतकंच. घरी डब्यातलं अर्क ओतून बनवणाऱ्यांना नाही कळायचं.

हॉपहॉप
मी अर्क वापरत नाही. पूर्ण धान्यापासून करतो. उगाच पर्सनल होऊ नका.

श्रावणी_एर्लांगेन
भांडा नंतर. @घाईगडबड, वार कुठला? इथे प्रत्येक ब्रुअरीचा आठवड्याचा सुट्टीचा दिवस असतो आणि प्रत्येकाचा वेगळा, काही ठिकाणं दुपारच्या जेवणानंतर संध्याकाळपर्यंत बंद ठेवतात. आम्ही एकदा सहा जण हौसेने गेलो आणि पहिल्या तीन दारांना कुलूप. जायच्या आदल्या दिवशी एकेकाच्या वेळा बघून घ्या.
दुसरं म्हणजे टेस्टिंग म्हणजे तुमच्या डोक्यात फळीवर चार छोटे ग्लास असं असेल तर जुन्या ठिकाणी ते फारसं मिळत नाही. बिअर मागितली की सायडला, म्हणजे अर्धा लिटर. चार ठिकाणं म्हणजे दोन लिटर. सायकलवर.
आणि सायकल आहे म्हणून कायदा लागू नाही असं अजिबात नाही! जर्मनीत सायकलवर रक्तात १.६ प्रोमिलच्या (म्हणजे हजारात १.६ भाग अल्कोहोल) वर सापडलात तर गुन्हा, वर फिटनेसची ती मानसशास्त्रीय टेस्ट द्यायला लागते आणि कारचं लायसन्स पण जाऊ शकतं. वेडीवाकडी चालवली किंवा धडकलात तर ०.३ पासूनच गुन्हा होऊ शकतो. भाड्याची ई-स्कूटर घेतलीत तर तिला कारचेच नियम, ०.५.

हॉपहॉप
१.६ म्हणजे भरपूर झालं की, तिथपर्यंत कोण जातंय.

श्रावणी_एर्लांगेन
सत्तर किलोच्या माणसाला पाच टक्केवाली अर्धा लिटर म्हणजे ढोबळमानाने ०.४. चार गुणा कर. तासाला ०.१ ते ०.१५ उतरते फक्त. आणि वजन कमी असेल तर अजून लवकर.

मीनाताई
तुम्ही शाकाहारी आहात का? विचारते कारण तिथे "बांबर्गचा कांदा" म्हणून पदार्थ मिळतो, नाव ऐकून मी मोठ्या विश्वासाने मागवला, आपला भरला कांदा असेल म्हणून. आत डुकराचा खिमा! मुलाने आधी सांगायला नको का. पण कांद्याची गंमत आहे, तिथल्या लोकांना शेजारपाजारचे "कांदे तुडवे" म्हणतात, कांद्याची पात पायाने तुडवून आडवी करायची म्हणजे जोर खाली कांद्यात जातो असं माळी करायचे. आणि ते माळी पूर्वी ज्येष्ठमध पण पिकवायचे, माळ्यांचं छोटं म्युझियम आहे तिथे सांगतात. आपल्याकडे खोकल्याला चघळतो तोच. कोणाला बियाणं कुठे मिळतं माहीत आहे का? बाल्कनीत लावायचाय.

घाईगडबड
थँक्यू सगळ्यांना. तीन जण. मी, बायको आणि सासरे, नागपूरहून आलेत. सोमवारी. राहतो न्युर्नबर्गला. बॅटरीवाल्या नाहीत, साध्या सायकली. प्यायची फक्त सासऱ्यांना आहे, मी पीत नाही, बायको एखादा घोट. सासरे ६६, गुडघा जरा कुरकुरतो. त्यांचीच इच्छा आहे, कॉलेजात सायकलवर बर्डी ते कामठी जायचो म्हणतात.

श्रावणी_एर्लांगेन
अहो हे सगळ्यात आधी लिहायचं ना!!!

रेग्निट्झकाठचा
सगळा हिशोबच बदलला. गुडघा कुरकुरत असेल तर डोमची टेकडी सायकलने नको, चढ आहे आणि दगडी फरसबंदी, उतरताना हात बधिर होतात. साध्या सायकली घेताय तर माझं ऐका, सकाळी सायकल, दुपारनंतर बिअर, आणि मधे सायकल परत करून टाका. स्टेशनपासून माळ्यांचं गाव, मग नदीकाठाने दक्षिणेला हाइन नावाची बाग आहे तिथपर्यंत, सगळं सपाट. वाटेत नदीकाठची कोळ्यांची घरं पलीकडच्या काठावरून दिसतात, तिथे फोटो काढा. सायकल देऊन टाकल्यावर ओबर कोनिगश्ट्रासला जा. श्पेत्सियाल आणि फेसला समोरासमोर आहेत, रस्ता ओलांडला की दुसरी ब्रुअरी. श्पेत्सियालचा धूर सौम्य, सुरुवात तिथून. श्लेंकेर्ला शेवटी, डोमच्या खाली, तिथे लाकडी पिंपातून देतात. एक सायडला घ्या आणि तिघांत फिरवा, झालं टेस्टिंग.

हॉपहॉप
वुंडरबुर्ग विसरलात. मार्स आणि केसमान, त्याही समोरासमोर. मार्समधे नुसतं "एक ऊ द्या" म्हणायचं, समजतात. ती बिअर धुराची नाही, सासऱ्यांना आवडेल.

रेग्निट्झकाठचा
हे मात्र बरोबर बोललास. पण ते जरा बाजूला आहे, गुडघ्याचा विचार कर.

हॉपहॉप
मग सायकल परत करायच्या आधी तिथे जा, एकच घ्या आणि भरपूर पाणी प्या.

श्रावणी_एर्लांगेन
सासऱ्यांना पाजून सायकलवर बसवू नका प्लीज. आणि स्वतःच्या सायकली रेल्वेतून नेणार असाल तर डॉइचलांडटिकटात, म्हणजे महिन्याच्या पासात, सायकल धरत नाहीत, तिचं वेगळं तिकीट काढा.

म्युनिक_मामा
सासरे आलेत तर म्युनिक दाखवाच एकदा.

घाईगडबड
जाऊन आलो, मंगळवारी लिहितोय. सोमवारी दोन ठिकाणं बंद होती, श्रावणीताई बरोबर होत्या, मी वेळा बघितल्याच नव्हत्या. सायकली माळ्यांच्या गावात आणि नदीकाठाने फिरवल्या, सासरे माझ्या पुढे. एका वाड्याचा दरवाजा उघडा होता, आत वाफे दिसले, सासरे सायकल टेकवून सरळ आत. त्या बाईंशी हातवारे करून बोलले, बाहेर आले तर खिशात दोन मुळे. दुपारी सायकली परत केल्या.
श्लेंकेर्लाला ग्लास नाकाजवळ नेला आणि म्हणाले, "अरे हा तर आपल्या वाड्यातल्या बंबाचा वास." मग काही बोलले नाहीत बराच वेळ. दुसरा मागवला. स्टेशनपर्यंत चालत आलो, ट्रेनमधे झोपले, घरी आल्यावर बायकोच्या काकांना फोन लावून अर्धा तास बंबाचंच सांगत होते, बिअरचा उल्लेख नाही कारण काकू स्पीकरवर होत्या.

मीनाताई
अहो छान झालं. ज्येष्ठमधाचं विचारलंत का तिथे कोणाला?