श्रद्धा, निसर्ग, कला : एकच पुस्तक दोन कप्प्यांत बसत असेल तर?

प्रश्न
एका लहान वाचनकक्षातील पुस्तके विषयवार लावण्याचे काम माझ्याकडे आले आहे. धर्म-अध्यात्म, निसर्ग आणि कला असे तीन कप्पे मी केले. पण प्रार्थनास्थळांच्या वास्तुरचनेवरचे पुस्तक हाती आले आणि तिथेच अडलो. त्यापाठोपाठ फुलापानांची चित्रे काढायला शिकवणारे पुस्तक निघाले. असे सारे 'संकीर्ण'मध्ये टाकावे, असा सल्ला मिळतो. तो मला पटत नाही, कारण संकीर्णात गेलेले पुस्तक शोधायला सहसा कोणी येत नाही. जाणकारांनी मार्ग सुचवावा.

प्रतिसाद १
अमेरिकी ग्रंथपाल मेल्विल ड्यूई यांच्या १८७६ सालच्या दशांश वर्गीकरणात, म्हणजे पुस्तकांना विषयवार क्रमांक देण्याच्या पद्धतीत, धर्माला २००, विज्ञानाला ५०० आणि कलेला ७०० हे वर्ग आहेत. त्यात धार्मिक वास्तूंचा वर्गांक ७२६ आहे, म्हणजे त्या कलेत मोडतात. पुस्तकात काय दिसते यापेक्षा ते काय शिकवते, हे पाहावे. मात्र धर्माच्या वर्गात ही पद्धत जशीच्या तशी उचलू नका : तिच्या रूढ मांडणीत २२० ते २८० हे विभाग बायबल व ख्रिस्ती धर्माला दिले असून जगातले बाकीचे सारे धर्म २९० मध्ये दाटीवाटीने बसवले आहेत.

प्रतिसाद २
वरील निकष उपयोगी आहे, पण पुरेसा नाही. पक्षिचित्रकार ऑडुबॉन यांचा १८२७ ते १८३८ या काळात निघालेला पक्ष्यांचा चित्रसंग्रह घ्या. त्यातील ४३५ चित्रफलकांवर पक्षी प्रत्यक्षातल्या आकाराचे आहेत आणि त्यासाठी कागद जवळजवळ एक मीटर उंचीचा घेऊनही रोहित (फ्लेमिंगो) पक्ष्याची मान खाली वाकवावी लागली. हे पक्षिशास्त्र म्हणावे की चित्रकला? किंवा इ. स. ८६८ मध्ये छापलेले वज्रसूत्र पाहा. छपाईची तारीख नोंदवलेल्या उपलब्ध पुस्तकांत ते सर्वांत जुने आहे; ग्रंथ बौद्ध धर्माचा, पण त्याच्या आरंभीचे बुद्धाचे काष्ठमुद्रित चित्र कलेचा अभ्यासकही तितक्याच आस्थेने पाहतो. एका विषयाला अनेक पैलू असतात, हे ओळखूनच भारतीय ग्रंथालयशास्त्रज्ञ शि. रा. रंगनाथन यांनी १९३३ मध्ये द्विबिंदू वर्गीकरण (पैलूंचे अंक ':' या चिन्हाने जोडणारी पद्धत) मांडले. पुस्तक एकाच फळीवर राहील, हे खरे. पण तालिकेत (पुस्तकांच्या सूचीत) त्याची नोंद दोन-तीन विषयांखाली करायला काहीच आडकाठी नाही. वाचकाला पुस्तक सापडणे महत्त्वाचे, आणि ते काम या जादा नोंदीच करतात.

मूळ प्रश्नकर्ता
दोघांचेही मनापासून आभार. फुलापानांचे पुस्तक पुन्हा उघडून पाहिले. वनस्पतींची माहिती देणारी पाने कोरी करकरीत आहेत, तर पानांच्या शिरा रेखाटण्याच्या प्रकरणात समासभर हिरव्या जलरंगाचे ठिपके आणि पेन्सिलीच्या खुणा आहेत. ते कलेच्या फळीवर ठेवले असून 'वनस्पती' या विषयाखाली त्याची दुसरी नोंदही केली आहे. वास्तुरचनेच्या पुस्तकाचीही धर्माखाली अशीच जादा नोंद उद्या करतो.