ओल्ब्रिख्स्की आणि हॉफमन
पोलिश अभिनेता दानिएल ओल्ब्रिख्स्कीला दिग्दर्शक आन्जेय वायदाने घडवलं, असं म्हणतात, ते मान्य. १९६५ च्या 'पोप्योवी'त नेपोलियनच्या काळातला तरुण सरदार त्याला वायदानेच दिला. पण त्याच्या ऐतिहासिक भूमिकांबद्दल बोलताना दिग्दर्शक येझी हॉफमनला वगळून कसं चालेल? पोलिश कादंबरीकार शेन्कीएविचच्या कादंबऱ्यांवरच्या हॉफमनच्या चित्रपटांत तो आधी, १९६९ साली, खलनायक तातार आझ्या झाला. त्यामुळे १९७४ च्या 'पोतोप'साठी नायक क्मिचित्स म्हणून त्याची निवड झाली तेव्हा पोलंडमध्ये मोठा गदारोळ उठला. स्वीडिश आक्रमणाच्या काळातला आपला लाडका नायक या 'तातारा'ने करायचा, हे लोकांना सहनच होईना! चित्रपट आला आणि विरोध विरून गेला. उर्मट, बेफाम सरदार पश्चात्तापाने पोळून निघतो आणि देशासाठी उभा राहतो, हे त्याने ज्या ताकदीने उभं केलंय ते मला त्याच्या सगळ्या कामांत श्रेष्ठ वाटतं. (चित्रपटाला ऑस्करचं नामांकनही मिळालं होतं.) पुढे १९९९ मध्ये हॉफमननेच त्याला तुहाय बे केलं, म्हणजे आझ्याचा बाप! त्याच वर्षी वायदाच्या 'पान तादेऊश'मध्ये तो म्हातारा गेर्वाझी होता. नव्याने बघणाऱ्यांनी 'पोतोप'पासूनच सुरुवात करावी. पाच तासांचा आहे, दोन रात्रींत बघा, पण कापलेली आवृत्ती नको.